चिक चॉकलेट : हळदोण्याचे ट्रम्पेटवादक

गोव्यातील बार्देश तालुक्यात हळदोणे नावाचे गाव आहे. तेथील संत थॉमस चर्च १५९६ सालचे. या गावी १९१६ साली आंतोनियो झेवियर वाझ यांचा जन्म झाला. पुढे मुंबईच्या हॉटेलांत आणि चित्रपटसृष्टीत ते चिक चॉकलेट या नावाने प्रसिद्धीस आले. त्यांचे मूळ नाव मात्र फार थोड्यांच्या स्मरणात राहिले.

पोर्तुगीज राजवटीत गोव्यातील चर्चला जोडून धर्मग्रामाची शाळा असे. तेथील संगीतशिक्षकास ‘मेस्त’ म्हणत. उपासनेतील गायनवृंदासाठी मुले तयार करणे हे त्याचे मुख्य काम. पाश्चात्त्य स्वरलिपी वाचणे, स्वर अचूक म्हणणे आणि एखादे वाद्य वाजवणे हे शिक्षण गरिबांच्या मुलांनाही तेथे मिळे. आंतोनियोचे संगीताचे प्राथमिक शिक्षण अशाच शाळेत झाले. मुलाने मेकॅनिक व्हावे, हाती खात्रीचा धंदा असावा, अशी आईची इच्छा होती. वादकाच्या मिळकतीचा भरवसा कोणी द्यावा? परंतु मुलाने ट्रम्पेट हाती घेतला आणि तो सोडला नाही.

अमेरिकेतील थोर जॅझ वादक लुई आर्मस्ट्राँग हे त्यांचे आदर्श. ग्रामोफोनच्या तबकड्या ऐकून त्यांनी ती शैली आत्मसात केली. आर्मस्ट्राँग यांच्यासारखा घोगरा आवाज काढून ते गातही असत. त्यामुळे रसिक त्यांना भारताचे लुई आर्मस्ट्राँग म्हणू लागले.

त्या काळी गोव्यातून मुंबईस येणारे तरुण धोबीतलाव परिसरातील ‘कूड’मध्ये उतरत. कूड म्हणजे एकेका गावाने आपल्या माणसांसाठी चालवलेले वसतिगृह. अल्प भाड्यात पथारी टाकण्यापुरती जागा मिळे. सायंकाळी वेदीसमोर सर्वांनी मिळून रोझरीची प्रार्थना करावी, असा तेथील नियम. याच वस्तीतून शहरातील वाद्यवृंदांना व्हायोलिन, सॅक्सोफोन आणि ट्रम्पेट वाजवणारे वादक मिळत.

१९४५ साली चिक यांच्या ‘म्युझिक मेकर्स’ या बँडला मुंबईतील ग्रीन्स हॉटेलचे कंत्राट मिळाले. त्यासाठी अनेक बँडमध्ये चुरस होती. ताजमहाल हॉटेलच्या शेजारी समुद्राकाठी उभे असलेले हे हॉटेल पुढे पाडण्यात आले आणि त्या जागी ताजची उंच इमारत उभी राहिली. ताजमध्ये त्याच काळात मिकी कोरिया यांचा बँड गाजत होता. रोज सायंकाळी नीटनेटका पोशाख करून उभे राहायचे आणि पाहुण्यांची पावले थकेपर्यंत वाजवत राहायचे, हे या वादकांचे जीवन. बँडच्या प्रमुखावर तर दुहेरी जबाबदारी असे. श्रोत्यांना आवडेल ते वाजवायचे आणि सोबत्यांची मिळकतही सांभाळायची.

ही मिळकत लवकरच डळमळू लागली. इंग्रज अधिकारी देश सोडून गेले. १९४९ च्या कायद्याने मुंबई राज्यात दारूबंदी आली आणि हॉटेलांतील नृत्याच्या रात्रींची रया गेली. मात्र याच सुमारास हिंदी चित्रपटांच्या संगीतास मोठ्या वाद्यवृंदाची गरज भासू लागली होती. संगीतकार चाल गुणगुणून दाखवी. ती कागदावर उतरवून प्रत्येक वाद्याचा भाग लिहून देणारा जाणकार लागे, आणि तो कागद पाहताक्षणी वाजवणारे वादकही लागत. धर्मग्रामाच्या शाळेत मिस्सासाठी शिकलेली स्वरलिपी अशा रीतीने ध्वनिमुद्रणाच्या खोलीत उपयोगी पडली.

चिक यांची जोडी जमली ती पुणतांब्यास जन्मलेल्या सी. रामचंद्र यांच्याशी. १९५१ साली आलेल्या ‘अलबेला’ चित्रपटाचे दिग्दर्शक व नायक भगवान, संगीतकार सी. रामचंद्र आणि वाद्यमेळात ट्रम्पेट घेतलेले चिक. दोन मराठी कलावंत आणि एक गोमंतकीय ख्रिस्ती वादक यांच्या या मेळातून लॅटिन अमेरिकी ठेक्यांची गाणी थेट खेड्यापाड्यांत पोहोचली. बारामती, इंदापूर परिसरातील ज्येष्ठ वाचकांच्या कानांवरून ‘शोला जो भडके’ गेले नसेल, असे होणे कठीण. त्या चित्रपटात चिक आणि त्यांचे सहकारी पडद्यावरही दिसतात. ज्या वादकांचे सूर सर्वांना ठाऊक होते, त्यांचे चेहरे पाहण्याचा योग प्रेक्षकांना क्वचितच येई.

पुढे त्यांनी संगीतकार मदन मोहन यांनाही साहाय्य केले. ‘नादान’ (१९५१) आणि ‘रंगीली’ (१९५२) या चित्रपटांना स्वतंत्रपणे संगीत दिले, तर ‘कर भला’ (१९५६) साठी निसार बझ्मी यांच्यासमवेत काम केले. परंतु स्वतंत्र संगीतकार म्हणून त्यांचा जम बसला नाही. चित्रपटसृष्टीत त्यांची ओळख बहुधा साहाय्यक आणि वादक अशीच राहिली. तबकडीवर संगीतकाराचे व गायकाचे नाव छापले जाई. वादकांची नावे छापण्याचा प्रघात नव्हता. ध्वनिमुद्रण संपले की मोबदला घ्यायचा, वाद्य पेटीत ठेवायचे आणि पुढच्या कामाला लागायचे.

मे १९६७ मध्ये, वयाच्या अवघ्या ५१ व्या वर्षी, चिक चॉकलेट यांचे निधन झाले. गेल्या काही वर्षांत अभ्यासकांनी अशा विस्मृतीत गेलेल्या गोमंतकीय वादकांची माहिती परिश्रमपूर्वक गोळा केली. त्यामुळे त्यांचे कार्य पुन्हा प्रकाशात आले आहे.

हळदोण्याच्या त्या शाळेने एका मुलास स्वरलिपी दिली. त्या बळावर त्याने स्वतःचे घर चालवले आणि साऱ्या देशास ठेका धरायला लावले. आपल्या धर्मग्रामातही रविवारी ऑर्गनवर बसणारी, गिटार वा तबला वाजवणारी मुले-मुली आहेत. त्यांना शास्त्रशुद्ध शिकवणारा शिक्षक मिळावा, ही जबाबदारी पालकांची आणि धर्मग्रामाची आहे. आणि सणाच्या दिवशी आभार मानताना गायनवृंदासोबत वादकांचीही नावे घ्यावीत. चिक यांच्यासारख्या अनेकांच्या वाट्याला ते आले नाही.