जाँ द ज्वाँव्हील : राजनिष्ठा आणि चरित्रकाराची साक्ष

फ्रान्सचा राजा नववा लुई याचा चरित्रकार म्हणून जाँ द ज्वाँव्हील हा सरदार मध्ययुगीन फ्रेंच गद्याच्या इतिहासात मान्यता पावला आहे. त्याचा जन्म सुमारे १२२५ मधला. शाँपान्य प्रांताचे ‘सेनेशल’ हे प्रमुख कारभाऱ्याचे पद त्याच्या घराण्यात वंशपरंपरेने चालत आले होते. १२४८ मध्ये तो धर्मयुद्धास निघाला, तेव्हा मागे राहणाऱ्या दोन मुलांच्या ओढीने मन द्रवेल म्हणून त्याने गढीकडे वळून पाहण्याचेही टाळले. सायप्रस बेटावर पैसा संपत आला असता राजाने त्याला आपल्या सेवेत घेतले. १२५० मध्ये इजिप्तमध्ये दोघेही कैद झाले. सुटकेनंतर १२५४ मध्ये ते मायदेशी परतले.

पुढे लुईने नव्या मोहिमेचा संकल्प सोडला, तेव्हा मात्र ज्वाँव्हीलने सोबत जाण्यास नकार दिला. पहिल्या मोहिमेच्या काळात राजसत्तेच्या अंमलदारांनी आपली प्रजा नागवली, हे त्याचे कारण होते. १२७० मध्ये ट्युनिस येथे राजा मरण पावला.

१२८२ च्या धर्मपीठीय चौकशीत ज्वाँव्हीलने राजाच्या पावित्र्याची साक्ष दिली. १२९७ मध्ये लुईला संतपद मिळाले. चौथ्या फिलिपची राणी जान हिच्या इच्छेवरून हाती घेतलेले चरित्र १३०९ मध्ये, तिच्या मृत्यूनंतर, पूर्ण झाले. ते लॅटिनमध्ये नसून फ्रेंचमध्ये आहे. राजा पत्नी व मुलांविषयी अवाक्षर काढत नसे, हा दोष त्यात नोंदविला आहे. गोरगरिबांचे पाय धुण्याची स्वतःची नाखुशीही लपविलेली नाही. १३१७ मध्ये ज्वाँव्हील निवर्तला. राजाला नकार देऊ शकलेल्या माणसाची ही साक्ष असल्याने संतचरित्राच्या अभ्यासात तिचे मोल विशेष आहे.