दादासाहेब फाळके : अनेक विद्यांचा एक संसार

दादासाहेब फाळके हे नाव उच्चारताच आपल्याला चित्रपटसृष्टीतील सर्वोच्च पुरस्कार आठवतो. परंतु त्या नावाचा धनी चाळिशी गाठेपर्यंत कोणत्याच व्यवसायात स्थिरावला नव्हता, ही गोष्ट मुलांना क्वचितच सांगितली जाते. आज आपल्या पाल्याविषयी चिंता करणाऱ्या पालकांनी तरी ती अवश्य ऐकावी.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी एका संस्कृत पंडिताच्या घरी झाला. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत चित्रकला आणि पुढे बडोद्याच्या कलाभवनात शिक्षण घेऊन त्यांनी गोध्र्यास छायाचित्रणाचा व्यवसाय मांडला. तेथे प्लेगने पहिली पत्नी व अपत्य हिरावून नेले. मग पुरातत्त्व खात्यात नकाशे-आराखडे काढण्याची नोकरी, ती सोडून छापखाना, जर्मनीस जाऊन रंगीत छपाईचे ज्ञान, अखेर भागीदारांशी बेबनाव. मधल्या काळात आपल्याच नावाची अक्षरे उलटवून ‘प्रोफेसर केल्फा’ या नावाने त्यांनी जादूचे प्रयोगही केले! लोकांना हे सारे धरसोडीचे वाटले असल्यास नवल नाही.

१९१०-११ च्या सुमारास मुंबईत ख्रिस्तचरित्रावरील मूकपट पाहिला आणि आपली दैवते पडद्यावर आणण्याचा ध्यास त्यांना लागला. अतिश्रमाने डोळे अधू झाले. विम्याची पॉलिसी गहाण ठेवून १९१२ मध्ये ते लंडनला गेले, यंत्रांची माहिती करून घेतली व विल्यम्सन कॅमेरा खरेदी करून परतले. भांडवलदाराची खात्री पटावी म्हणून त्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ थोडीथोडी टिपून पडद्यावर दाखविली. बीज क्षणार्धात अंकुरताना पाहून पैसे देणारा मिळाला. तरीही पत्नी सरस्वतीबाईंचे दागिने मोडावे लागलेच.

सरस्वतीबाईंविषयी येथे थोडे अधिक लिहिले पाहिजे. दादरच्या राहत्या घरीच कारखाना होता. कोऱ्या फिल्मच्या कडांना अंधाऱ्या खोलीत छिद्रे पाडणे, रसायनांत फिल्म धुणे ही कामे त्या शिकल्या. शिवाय सर्व मंडळींचा स्वयंपाक त्यांच्याकडेच होता. पटकथा, दिग्दर्शन, देखावे, संकलन हे दादासाहेबांचे. तारामतीच्या भूमिकेस स्त्री मिळेना, तेव्हा उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके यांना लुगडे नेसविले. मुलगा भालचंद्र रोहिदास झाला. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमागृहात ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला. ज्यांना धरसोड म्हटले गेले, ती चित्रकला, छायाचित्रण, छपाईतील रसायने आणि जादूगाराचे हस्तलाघव, सारे येथे एकत्र कामास आले. ‘लंकादहन’ (१९१७) मध्ये तर राम आणि सीता या दोन्ही भूमिका साळुंके यांनीच केल्या. ‘कालिया मर्दन’ (१९१९) मध्ये कृष्ण झालेली लहानगी मंदाकिनी ही दादासाहेबांची कन्या.

यश आले, तसे भागीदारही आले. १९१८ मध्ये हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी निघाली. पण हिशेबाची वही पाहणारे आणि पडद्यावर चमत्कार घडविणारे यांचे जमेना. दादासाहेब उद्विग्न होऊन काशीस गेले व तेथे ‘रंगभूमी’ नाटक लिहिले. पुढे ते परतले खरे, पण पूर्वीचे दिवस परतले नाहीत. प्रस्तुत लेखकास वाटते, घरच्या चार भिंतींत, घरच्या माणसांच्या हातांनी चालणारा कारखाना हेच त्यांचे खरे बळ होते. मोठ्या कंपनीत ते परके ठरले.

बोलपट आल्यावर मूक ‘सेतुबंधन’ला मागाहून आवाज जोडावा लागला. कोल्हापूर सिनेटोनसाठी केलेला ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा अखेरचा चित्रपट. त्यानंतर ते नाशिकास राहिले आणि १६ फेब्रुवारी १९४४ रोजी तेथेच निवर्तले. त्यांच्या मूकपटांपैकी आज थोडेच अवशेष उरले आहेत. ‘कालिया मर्दन’च्या जतन झालेल्या भागात आरंभीच मंदाकिनी निरनिराळे मुखभाव करून दाखविते; कॅमेऱ्यामागे तिचे वडील आहेत, हे ठाऊक असणाऱ्यास ते दृश्य काही वेगळेच दिसते.