दहाव्या नंबरचा खेळाडू

मित्रांनो, होस्टेलच्या टीव्ही रूममध्ये मॅच लागली की प्रत्येक जण सिलेक्टर होतो. ह्याला काढा, त्याला घ्या, अमक्याचं ॲव्हरेज बघा... अशा जाणकारांना एक नाव सहज विचारून बघा. चंदू सरवटे. बहुतेकांना ठाऊक नसेल. एखादा रेकॉर्डचं पुस्तक चाळणारा असेल तर तो लगेच आकडे फेकेल. कसोटी सामने ९, धावा २०८, सरासरी १३, विकेट ३, आणि त्या तीन विकेटसाठी प्रत्येकी जवळजवळ १२५ धावा मोजलेल्या. थोडक्यात, सपशेल नापास!

पण ह्याच माणसाची दुसरी मार्कलिस्ट बघा. प्रथम श्रेणी क्रिकेटमध्ये ७४३० धावा, १४ शतकं, सर्वाधिक २४६, आणि वर ४९४ विकेट. वयाच्या सोळाव्या वर्षी सुरुवात, शेवट अठ्ठेचाळिसाव्या वर्षी. तब्बल ३२ वर्षं! माणूस एकच, मार्कलिस्ट दोन. मग खरी कोणती? ह्याच प्रश्नासाठी चंदू सरवटेंची गोष्ट सांगावीशी वाटते.

चंद्रशेखर त्र्यंबक सरवटे यांचा जन्म २२ जुलै १९२० रोजी सागर इथला. सागर आज मध्य प्रदेशात आहे. मराठेशाहीत गेलेली अनेक मराठी घराणी त्या मुलखात कायमची राहिली. घरात मराठी, बाहेर हिंदी. त्या वेळी सागर हे 'मध्यप्रांत व वऱ्हाड' ह्या इंग्रजी अमदानीतल्या प्रांतात होतं आणि त्याची राजधानी होती नागपूर. ह्याच प्रांताच्या संघातून १९३६-३७ च्या हंगामात हा सोळा वर्षांचा पोरगा रणजी खेळला. रणजी करंडकही तेव्हा नवाच होता, सुरू होऊन जेमतेम दोन वर्षं झाली होती.

आता इथं एक गोष्ट लक्षात घ्या. आजच्यासारखा लिलाव नाही, करार नाही, जाहिराती नाहीत. क्रिकेट खेळून घर चालत नसे. एखाद्या संस्थानिकाचा आश्रय, एखादी नोकरी, शिक्षणासाठी एखाद्या शहरात मुक्काम, ह्यावर खेळाडूचा संघ ठरायचा. म्हणजे आपल्याकडे नोकरदार माणसाची बदली होते ना, तसा खेळाडू गावोगाव फिरायचा. इंग्लंडच्या फुटबॉलमध्ये असे पुष्कळ खेळाडू होऊन गेले. आज ह्या क्लबात, दोन वर्षांनी त्या क्लबात. नाव फार मोठं होत नाही, पण त्यांच्याशिवाय लीग चालत नाही. सरवटे हे आपल्या क्रिकेटमधले तसे खेळाडू. मध्यप्रांत-वऱ्हाडनंतर ते महाराष्ट्राकडून खेळले, मुंबईकडून खेळले आणि धर्मावर आधारलेल्या त्या वेळच्या पंचरंगी सामन्यांत हिंदूंच्या संघातूनही खेळले. शेवटी मात्र बिऱ्हाड पडलं ते इंदूरला, होळकरांच्या संघात.

होळकर म्हटलं की परभणीकडच्या माणसाला पहिल्यांदा औंढा नागनाथ आठवतो. आज हिंगोली जिल्ह्यात आणि १९९९ पर्यंत आपल्याच परभणी जिल्ह्यात असलेल्या त्या देवळाचा जीर्णोद्धार अहिल्याबाईंनी केला. त्याच घराण्यातले महाराजा यशवंतराव होळकर (दुसरे) ह्यांनी विसाव्या शतकात एक क्रिकेटचा संघ उभा केला. कर्णधार कोण? तर कर्नल सी. के. नायडू, भारताचे पहिले कसोटी कर्णधार! सोबत मुश्ताक अली, भाऊसाहेब निंबाळकर, माधवसिंह जगदाळे असे एकापेक्षा एक. १९४४-४५ च्या अंतिम सामन्यात तर इंग्लंडचा डेनिस कॉम्प्टन होळकरकडून खेळला आणि त्याने नाबाद २४९ धावा काढल्या. हा गडी तिकडे आर्सेनलकडून फुटबॉलही खेळायचा. लष्करी नोकरीमुळे इंदूरजवळ महूला आला होता, म्हणून होळकरांना मिळाला. तो सामना मात्र मुंबईने जिंकला.

पुढच्याच वर्षी होळकर संघाने कसर भरून काढली. मार्च १९४६ मध्ये इंदूरला म्हैसूरविरुद्ध उपांत्य सामना होता. होळकरांनी ८ बाद ९१२ वर डाव सोडला. एकाच डावात सहा जणांची शतकं! त्यात सरवटेंचे १०१. आणि म्हैसूरचा संघ खेळायला आला तेव्हा सरवटेंनी आपल्या फिरकीवर ६१ धावांत ९ बळी घेतले. शतक आणि नऊ बळी, एकाच सामन्यात. ९१२ हा आकडा रणजीत १९९३-९४ पर्यंत सर्वात मोठा होता. त्या हंगामात हैदराबादने ९४४ केले, तेव्हा कुठे तो मागे पडला. होळकर संघाने १९४५-४६, १९४७-४८, १९५०-५१ आणि १९५२-५३ असा चार वेळा रणजी करंडक जिंकला.

अशा फॉर्मात सरवटे १९४६ च्या उन्हाळ्यात भारतीय संघाबरोबर इंग्लंडला गेले. महायुद्ध नुकतंच संपलेलं. ११ मे रोजी लंडनच्या ओव्हल मैदानावर सरे संघाशी सामना सुरू झाला. आता गंमत बघा. दोन महिन्यांपूर्वी शतक मारलेल्या ह्या माणसाला फलंदाजीचा नंबर मिळाला दहावा! संघात अष्टपैलूंची गर्दीच तेवढी. भारताचे ९ गडी २०५ धावांत बाद झाले आणि अकराव्या नंबरवर शुटे बॅनर्जी आला. हाही सरवटेंसारखाच फिरस्ता. बंगाल, नवानगर, बिहार असं फिरून आलेला वेगवान गोलंदाज. आता पाच-दहा मिनिटांचा खेळ, असंच सगळ्यांना वाटलं. मैदानाची देखभाल करणारा माणूस म्हणे पुढच्या डावासाठी रोलर कोणता फिरवायचा हे विचारायलाही येऊन गेला!

पण हे दोघे काही बाद होईनात. शेपटाकडचे फलंदाज मारतात तशी आंधळी बॅट फिरवणं नाही, व्यवस्थित फलंदाजी. शनिवारची संध्याकाळ झाली तरी जोडी टिकून. रविवारी तेव्हाच्या रिवाजाप्रमाणे सुट्टी. सोमवारी पुन्हा दोघे उतरले. बॅनर्जी १२१ वर बाद झाला तेव्हा शेवटच्या जोडीने १९० मिनिटांत २४९ धावांची भर घातली होती. सरवटे १२४ वर नाबाद. भारत ४५४. पुढे सरेचा डाव १३५ वर आटोपला, त्यात सी. एस. नायडूंनी हॅटट्रिक घेतली. फॉलोऑननंतर सरेने ३३८ केले, तिथंही सरवटेंनी ५४ धावांत ५ बळी घेतले. भारताने ९ गडी राखून सामना जिंकला. दहाव्या आणि अकराव्या नंबरच्या दोघांनी एकाच डावात शतकं काढायची प्रथम श्रेणी क्रिकेटमधली ही पहिली वेळ.

इथं सिनेमा असता तर पुढे हिरोचं नशीब उघडलं असतं. पण तसं झालं नाही. त्याच दौऱ्यात सरवटेंचं कसोटी पदार्पण झालं. १९४७-४८ मध्ये स्वतंत्र भारताचा पहिला संघ ऑस्ट्रेलियाला गेला, तिथं ब्रॅडमनच्या संघाविरुद्ध ते पाचही कसोट्या खेळले. मेलबर्नला विनू मंकडबरोबर सलामीला जाऊन त्यांनी १२४ धावांची भागीदारी केली. त्यात सरवटेंचा वाटा ३६. इंग्लंडमध्ये दहावा नंबर आणि ऑस्ट्रेलियात थेट सलामी! सांगतील तिथं जायचं, हे त्यांच्या अंगवळणीच पडलेलं. पण कसोटीत जम बसला नाही तो नाहीच. बॅट चालेना, फिरकीला बळी मिळेनात. १९५१ नंतर कसोटीची दारं बंद झाली. आकडे लपवता येत नाहीत, आणि लपवायचं कारणही नाही. त्या पातळीवर ते कमी पडले.

प्रश्न असा की वय वर्षं एकतीस, भारतीय संघातून बाहेर, मग माणसाने काय करायचं? सरवटेंचं उत्तर साधं होतं. खेळत राहायचं. इकडे पाठीमागे दुसरा आधारही होता. ते कायद्याचे पदवीधर होते आणि पेशाने बोटांच्या ठशांचे तज्ज्ञ! ज्या बोटांनी चेंडू फिरवायचा, पोटासाठी त्याच बोटांच्या रेषांचं शास्त्र. मैदानाने दिलं नाही तर हातात काहीतरी असावं, हा हिशेब त्या पिढीला घालावाच लागे.

पुढे संस्थानं गेली, तसा होळकर संघही पन्नाशीच्या दशकात इतिहासजमा झाला. खेळाडू तेच, गाव तेच, फक्त संघाचं नाव बदललं. आधी मध्य भारत आणि १९५६ च्या राज्यपुनर्रचनेनंतर मध्य प्रदेश. सरवटे ह्या दोन्ही संघांतून खेळले, शिवाय विदर्भाकडूनही. मोजून बघा: मध्यप्रांत-वऱ्हाड, महाराष्ट्र, हिंदू, मुंबई, होळकर, मध्य भारत, मध्य प्रदेश, विदर्भ. आठ संघ! देशाचा नकाशा दोनदा बदलला, राजे गेले, राज्यं आली, पण हा माणूस पांढरे कपडे घालून मैदानात हजर. शेवटचा हंगाम १९६८-६९ चा.

पुढे ते राष्ट्रीय निवड समितीत गेले. १९८३ चा विश्वचषक जिंकणारा कपिलचा संघ ज्या समितीने निवडला, तिचे एक सदस्य चंदू सरवटे होते. त्या संघाची ताकद काय होती आठवतं? आठव्या-नवव्या नंबरपर्यंत बॅट धरणारे अष्टपैलू! दहाव्या नंबरवरून शतक काढलेल्या माणसाला त्याचं मोल वेगळं सांगायला नको.

२३ डिसेंबर २००३ रोजी इंदूरला त्यांचं निधन झालं. २०२२ मध्ये मध्य प्रदेशाने मुंबईला हरवून पहिल्यांदा रणजी करंडक जिंकला, तो बघायला ते नव्हते. आणि फेब्रुवारी २०२४ मध्ये मुंबईच्या तनुष कोटियन आणि तुषार देशपांडे ह्या दहाव्या-अकराव्या जोडीने बडोद्याविरुद्ध शतकं ठोकून २३२ धावा जोडल्या, तेव्हा सगळ्या पेपरांत पुन्हा ते जुनं नाव छापून आलं. सरवटे आणि बॅनर्जी. अठ्ठ्याहत्तर वर्षांनी ओव्हलच्या त्या दोघांना जोडीदार मिळाले, आणि तरी २४९ चा आकडा १७ धावांनी पुढेच राहिला.

मित्रांनो, आपल्याकडे कॅम्पस इंटरव्ह्यूच्या एका दुपारी माणसाचा निकाल लागतो. ज्याची निवड झाली तो हुशार, ज्याची नाही तो वाया गेला, असं आपणच कॉरिडॉरमध्ये ठरवून टाकतो. सरवटेंची नऊ कसोट्यांची मार्कलिस्ट खोटी नाही. पण ती त्यांच्या ३२ वर्षांतल्या नऊ सामन्यांची आहे, एवढंच. बाकीची वर्षं इंदूरच्या, नागपूरच्या मैदानांवर गेली, कधी शतक काढत, कधी दिवसभर चेंडू टाकत. ते ४९४ बळी कुणी दान दिले नव्हते. पहिला नंबर सगळ्यांनाच हवा असतो. दहावा मिळाला तर? पॅड बांधायचे आणि जायचं. समोर अकरावा येईल तेव्हा बघू!