रेशीमकिड्यांचा वैद्य : अगोस्तीनो बास्सी

सूक्ष्म जंतूंपासून रोग उद्भवतात हे जगास कोणी शिकविले, असा प्रश्न वर्गात निघाला की लुई पाश्चर ह्याचे नाव सर्वांच्या मुखी येते, आणि त्यात वावगे काही नाही. परंतु पाश्चर बारा वर्षांचा मुलगा होता त्या १८३५ साली, इटलीतील एका अधू दृष्टीच्या गृहस्थाने हे सत्य, एका किड्याच्या रोगापुरते का होईना, प्रयोगांनी सिद्ध करून ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले होते. त्याचे नाव अगोस्तीनो बास्सी.

बास्सीचा जन्म लोंबार्डी प्रांतात, लोदी नगरानजीकच्या मैरागो गावी, २५ सप्टेंबर १७७३ रोजी झाला. (दिल्लीच्या लोदी सुलतानांशी ह्या नगराचा काही संबंध नाही.) पाव्हियाच्या विद्यापीठात त्याने कायद्याचा अभ्यास केला व १७९८ मध्ये पदवी मिळविली, मन मात्र सृष्टिशास्त्राकडे ओढ घेई. प्रख्यात शास्त्रज्ञ स्पलान्झानी ह्याची व्याख्याने त्याने तेथेच ऐकली. पुढे लोदी येथे सरकारी नोकरी पत्करली. पण डोळे साथ देईनात, म्हणून ती सोडून तो शेतीकडे वळला. मेंढ्या, बटाटे, पनीर, द्राक्षासव अशा नाना विषयांवर त्याने पुस्तके लिहिली. ती आज कोणी वाचीत नाही.

त्या काळी उत्तर इटलीतील असंख्य कुटुंबांचा चरितार्थ रेशमावर चाले. तुतीच्या पाल्यावर पोसलेले किडे कोश विणण्याच्या सुमारास अकस्मात मरत, त्यांचे देह ताठ होत, आणि थोड्याच दिवसांत चुन्यात लोळविल्यासारखे पांढरे दिसू लागत. वर्षाची मेहनत आठवड्यात मातीमोल होई. हवा, पाला अथवा खोलीतील कोंदटपणा ह्यांमुळे हा रोग किड्याच्या देहात आपोआप उत्पन्न होतो, अशी सर्वांची समजूत होती.

१८०७ साली बास्सीने ह्या रोगाच्या शोधास आरंभ केला, तो हीच समजूत मनात धरून. त्याने किड्यांना आम्ले दिली, विषे चारली, धूर व उष्णता ह्यांनी छळले. किडे मेले, काही तर रोगाने मेलेल्यांसारखेच कडकही झाले. परंतु त्या प्रेतांपासून निरोगी किड्यांस रोग लागेना. अशी आठ वर्षे गेली. १८१६ च्या सुमारास तो अगदी हताश झाला होता. येथे एखाद्याने काम सोडले असते, किंवा अधिक वाईट म्हणजे, आपलेच मत खरे म्हणून दामटले असते. बास्सीने मूळ समजूतच टाकून दिली. रोग आतून उपजत नसून बाहेरून येतो, असे मानून त्याने सारे प्रयोग पुन्हा आरंभिले.

आता एकेक गाठ सुटू लागली. रोगट किड्याला टोचलेल्या सुईचे टोक निरोगी किड्यास टोचले की तोही त्याच रोगाने मरे. प्रेतावर पांढरी भुकटी येईपर्यंत त्याच्या नुसत्या स्पर्शाने रोग पसरत नसे. भुकटी आली की मात्र हात, वस्त्रे, टोपल्या, वारा, सारेच रोगाचे वाहक होत. सूक्ष्मदर्शकाखाली ती भुकटी म्हणजे एका बुरशीची बीजे होती. १८३४ मध्ये त्याने पाव्हिया विद्यापीठातील अध्यापकांच्या मंडळापुढे आपले प्रयोग करून दाखविले, आणि पुढील वर्षी ग्रंथ छापला. त्यातील उपाय साधे होते : रोगट किडे त्वरित वेगळे करावे, भांडी उकळावी, खोल्या व हत्यारे जंतुनाशक द्रवांनी धुवावी.

बाल्सामो-क्रिवेल्ली नामक वनस्पतिशास्त्रज्ञाने त्या बुरशीस बास्सीचे नाव दिले. त्याच्या शोधाने प्रेरित होऊन जर्मन वैद्य शोनलाइन ह्याने १८३९ मध्ये मनुष्याच्या डोक्यावरील एका त्वचारोगातही बुरशी शोधून काढली. देवी, पटकी, प्लेग हेही सजीव जंतूंचेच कार्य असावे, असे बास्सीने पुढे लिहिले. पण तोवर त्याची दृष्टी इतकी क्षीण झाली होती की सूक्ष्मदर्शकाला डोळा लावून ते सिद्ध करणे त्यास अशक्य झाले. ८ फेब्रुवारी १८५६ रोजी लोदी येथे तो निवर्तला. पाश्चर रेशीमकिड्यांच्या एका निराळ्या रोगाच्या मागे लागला, तो त्यानंतर नऊ वर्षांनी.

बास्सीच्या बुरशीचे चरित्र मात्र येथे संपत नाही. १९१२ मध्ये तिला बिव्हेरिया बॅसियाना हे आजचे नाव मिळाले. ती मूळची मातीत राहणारी. तिचे बीज किडीच्या अंगास चिकटते, रुजते, त्वचा भेदून आत शिरते, आणि काही दिवसांत किडीचा प्राण घेऊन पांढऱ्या रूपाने बाहेर पडते. ह्याच गुणामुळे पांढरी माशी, अळ्या, भुंगेरे ह्यांच्या नाशासाठी आज तिची भुकटी आपल्या महाराष्ट्रातील कृषिसेवा केंद्रांतही विकत मिळते. मनुष्याच्या देहाची ऊब तिला सहसा मानवत नाही. तरी क्वचित इजा झालेल्या डोळ्याच्या बुबुळावर ती रुजते, आणि प्रतिकारशक्ती खचलेल्या रुग्णाच्या शरीरातही शिरते. म्हणून फवारताना डोळे व तोंड झाकून घ्यावे लागते.

आणि कापसाच्या शेतात जी मित्र, तीच रेशमाच्या घरात वैरीण. मराठवाड्यात आता पुष्कळ शेतकरी तुती लावून रेशीमकिडे पाळतात; त्यांच्या तुतीच्या बागेजवळ ही भुकटी फवारू नये, अशी सूचना त्यांस दिली जाते.