तो डावा डोळा

फर्स्ट इयरला गॅदरिंगमध्ये मी ललिता पवारांची नक्कल केली होती. डावा डोळा बारीक करायचा, पदर कमरेला खोचायचा आणि सुनेवर ओरडायचं, बस! टाळ्या, शिट्ट्या सगळं मिळालं. पुढे आठवडाभर मेसमध्येही तेच चालू होतं.

सुट्टीत सांगलीहून साताऱ्याला आजीकडे गेले आणि मोठ्या कौतुकाने हा किस्सा सांगितला. लॉकडाऊनमध्ये, २०२० साली, दूरदर्शनवर ‘रामायण’ पुन्हा लागलं तेव्हा आम्ही दोघींनी मिळूनच त्यातली मंथरा पाहिली होती. वाटलं, आजी खूप हसेल. ती हसली नाही. तो डोळा तसा कशामुळे झाला ते तुला माहीत आहे का, एवढंच तिने विचारलं. मला कुठे माहीत होतं? मग शोधून वाचलं.

ललिताबाईंचं मूळ नाव अंबा सगुण. जन्म १९१६ चा, पैठणीच्या येवल्यातला. मूकपटांच्या काळात लहान वयातच त्या कामाला लागल्या आणि पुढे चक्क हिरॉईन झाल्या! १९३२ च्या ‘कैलाश’ या मूकपटाच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. १९४१ च्या ‘अमृत’मध्ये त्या होत्या. त्याची कथा वि. स. खांडेकरांची, म्हणजे जन्माने आपल्या सांगलीकरांचीच.

मग आलं १९४२. ‘जंग-ए-आझादी’च्या शूटिंगमध्ये मास्टर भगवान यांना (पुढे ‘अलबेला’वाले भगवानदादा) त्यांना थोबाडीत मारायचं होतं. हात चुकून फार जोरात बसला. ललिताबाईंच्या चेहऱ्याला लकवा झाला आणि डाव्या डोळ्याला कायमची इजा झाली. वय फक्त सव्वीस. उपचार खूप काळ चालले, पण चेहरा काही पहिल्यासारखा झाला नाही. हिरॉईनचं काम संपलं.

आमच्या वर्कशॉपमध्ये जॉब मापात नसला की सर सरळ रिजेक्ट करतात. सिनेमातही तसंच असणार. पण ललिताबाईंनी तोच बारीक झालेला डोळा कामाला लावला. १९४४ च्या प्रभातच्या ‘रामशास्त्री’मध्ये त्या आनंदीबाई झाल्या. (रामशास्त्री आपल्या साताऱ्याजवळच्या माहुलीचे बरं का!) १९५० च्या ‘दहेज’मध्ये खाष्ट सासू झाल्या. तेव्हा त्या पस्तिशीच्याही नव्हत्या! बरोबरीच्या नट्या बागेत गाणी म्हणत होत्या आणि या सुना छळत होत्या. लोक त्यांचा खरोखर राग करू लागले. नटीला याहून मोठं सर्टिफिकेट कुठलं?

पण त्या नुसत्या दुष्ट नव्हत्या. ‘श्री ४२०’ मधली केळेवाली बघा. ‘अनाडी’ (१९५९) मधली मिसेस डिसा बघा. तोंडाने फटकळ, पण भाडेकरू पोरावर आईसारखी माया. या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर मिळालं. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही मिळाला. १९८७ मध्ये, सत्तरी ओलांडल्यावर, ‘रामायण’ची मंथरा घराघरांत पोचली.

२४ फेब्रुवारी १९९८ ला त्या औंधला गेल्या. आपल्या साताऱ्याचं औंध नव्हे, पुण्याचं. त्या वेळी घरी दुसरं कोणी नव्हतं. सिनेमात आयुष्यभर भरल्या घराची सासू, आणि शेवटी घरात एकट्याच. हे वाचल्यावर मला कसंतरीच झालं.

आपण एका केटीने खचतो, रूमचं दार लावून बसतो. हे मी स्वतःलाही सांगतेय. ज्या डोळ्यावर मी टाळ्या घेतल्या, त्याने ललिताबाईंचं एक करिअर संपवलं होतं. दुसरं त्यांनी स्वतः उभं केलं.

यंदाही गॅदरिंगमध्ये तीच नक्कल कर म्हणून मैत्रिणी मागे लागल्यात. करणार आहे. पण मिसेस डिसाची. दोन्ही डोळे उघडे ठेवून.