औंधचे बाळासाहेब आणि ७२ गावांचे राज्य

संस्थानांच्या विलीनीकरणाचा विषय निघाला की हैदराबाद, जुनागडच्या गोष्टी होतात. औंधचे नाव क्वचितच निघते. वास्तविक आम्हा सीमावासीयांचा औंधशी जुना ऋणानुबंध आहे. लक्ष्मणराव किर्लोस्करांना बेळगावातील कारखान्याची जागा नगरविस्तारासाठी सोडावी लागली, तेव्हा १९१० साली औंधच्या राजांनीच त्यांना कुंडल रोड स्टेशनजवळचे माळरान दिले. तीच किर्लोस्करवाडी.

हे राजे म्हणजे भवानराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी. जन्म १८६८ चा, गादीवर आले १९०९ साली. बी. ए. झालेले, चित्रकार, कीर्तनकार आणि सूर्यनमस्काराचे असे वेडे की शाळाशाळांतून पोरांकडून नमस्कार घालून घेत. राज्य केवढे? अवघी ७२ गावे! तीही सलग नाहीत. औंध, आटपाडी, कुंडल एकीकडे, तर गुणदाळ तालुका पार विजापूरकडे.

१९३९ साली गांधीजींच्या सल्ल्याने त्यांनी आपणहून कारभार प्रजेच्या हाती दिला. चिरंजीव अप्पासाहेब आणि पोलंडहून आलेले मॉरिस फ्रीडमन यांनी त्यासाठी खपून काम केले. गावोगाव पंचायती निवडल्या गेल्या. आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे कैद्यांसाठी बिनभिंतींची वसाहत उभी राहिली. ‘दो आँखें बारह हाथ’ हा चित्रपट तिच्यावरूनच सुचलेला. सत्ता अशी आधीच सोडून बसलेल्या राजाला ८ मार्च १९४८ चे विलीनीकरण जड गेले नसावे, असे आम्हाला वाटते.

प्रजेचे मात्र वेगळे झाले. औंध, आटपाडी, कुंडल सातारा जिल्ह्यात गेले, गुणदाळ विजापूर जिल्ह्यात. त्याच सुमारास सांगली संस्थानचे शहापूर बेळगाव जिल्ह्याला जोडले गेले. सगळा मुंबई प्रांतच होता, त्यामुळे तेव्हा कोणाला काही वावगे वाटले नाही. पण १ नोव्हेंबर १९५६ रोजी चंदगड तालुका तेवढा वगळून बेळगाव जिल्हा म्हैसूर राज्यात घातला गेला, विजापूरही गेले. गुणदाळची भाषा मुख्यतः कानडी, तेव्हा त्याबद्दल आमची तक्रार नाही. शहापूर मराठी होते. १९४८ साली कारभाराच्या सोयीसाठी जे जिल्हे जोडले, त्यांच्यावरून आठ वर्षांनी भाषेचा निवाडा झाला. औंधच्या घटनेत गाव हा पाया होता. १९५६ साली गावाला कोणी विचारले नाही.

बाळासाहेब ते पाहायला नव्हते. १३ एप्रिल १९५१ रोजी ते वारले. त्यांनी १९३८ साली उघडलेले वस्तुसंग्रहालय औंधला यमाईच्या डोंगरावर आहे. राजा रविवर्म्याची चित्रे तेथे पाहायला मिळतात.