अपूचे जन्मदाते

‘पथेर पांचाली’ म्हटले की आपणांस १९५५ चा सत्यजित राय यांचा चित्रपट आठवतो. मूळ कादंबरीकार बिभूतिभूषण बंद्योपाध्याय मागेच राहतात. हे मला खटकते.

बंगालमध्ये १८९४ साली जन्मलेले बिभूतिभूषण एका कथेकऱ्याचे पुत्र. घरी दारिद्र्य. शिक्षणासाठी गाव सुटले. १९१८ साली कलकत्त्याच्या रिपन कॉलेजातून बी. ए. झाले, लग्नानंतर थोड्याच काळात पत्नी गौरी निवर्तली. मग मास्तरकी, गोरक्षणाच्या प्रचाराची भटकंती. (गाईंवर व्याख्याने देत हिंडणारा हा तरुण पुढे काय लिहील, हे तेव्हा कोणाला ठाऊक!)

पुढे भागलपूरकडे एका जमीनदाराच्या कचेरीत नोकरी लागली. काम कोणते, तर जंगलाची जमीन कुळांना लावून देणे. ज्या रानाने त्यांना वेड लावले, तेच त्यांच्या हातून नाहीसे होत होते. ही बोच १९३९ च्या ‘आरण्यक’मध्ये उतरली. माझ्या मते तीच त्यांची श्रेष्ठ कादंबरी. प्राध्यापकांनी रागावू नये.

‘पथेर पांचाली’ही त्यांनी त्याच परमुलखात, सुटलेल्या गावाच्या ओढीने लिहिली. पुढच्या ‘अपराजितो’त शिकायला कलकत्त्यास गेलेल्या अपूला आईच्या मृत्यूची वार्ता कळते, तेव्हा क्षणभर बंधन तुटल्यासारखे वाटते. वसतिगृहात राहणाऱ्या मित्रांनो, घरून आलेले पत्र दोन-दोन दिवस न फोडणारे आपणही ना? हे लिहायला धैर्य लागते.

१९५० साली घाटशिला येथे ते वारले. चित्रपट त्यांनी पाहिलाच नाही.